जी फाइल मी स्वतः पुसली होती

या सदरातले अनुभव मी गेली काही वर्षे नियमाने वाचतो, आणि खरे सांगायचे तर खोट शोधतच वाचतो. वारा असेल, उंदीर असेल, अपुरी झोप असेल... काही ना काही सापडतेच. माझा पेशाच तसा आहे. उभे आयुष्य संगणकांच्या तक्रारी निस्तरण्यात गेले. ‘आपोआप झालं हो, मी कशालाच हात लावला नाही,’ असे सांगणाऱ्या प्रत्येकाने कशाला तरी हात लावलेला असतो, हा माझा अनुभव. त्यामुळे अमानवीय वगैरे शब्द मी कधी गांभीर्याने घेतला नाही. आजही फारसा घेत नाही. फक्त एक गोष्ट आहे, जिच्यात मला खोट सापडलेली नाही. ती लिहितो. लिहिताना माझी बाजू चांगली दिसणार नाही, हे आधीच सांगून ठेवतो.

बीड जिल्हा, परळी वैजनाथ. नव्वदच्या दशकाची शेवटची वर्षे. स्टेशनकडून येणाऱ्या रस्त्यावर एका कापड दुकानाच्या माडीवर आमचा संगणक वर्ग होता. ‘आमचा’ म्हणजे माझा आणि काशिनाथचा. तीन संगणक, एक डॉट मॅट्रिक्स प्रिंटर आणि बाहेर एक रंगवलेला फलक. सकाळी आल्यावर पहिले काम म्हणजे मॉनिटरवरची प्लास्टिकची कव्हरे गॅलरीत नेऊन झटकणे, कारण वीज केंद्राची राख रात्रभर सगळ्यांवर सारखी बसायची. दुपारी वीज गेली की काशिनाथ खिडकीतून वीज केंद्राच्या उंच चिमण्यांकडे हात करून म्हणायचा, “बघ मन्मथ, साऱ्या महाराष्ट्राला लाइट देणारं गाव. आन् आपण हितं पुठ्ठ्यानं वारा घेतोय.”

काशिनाथचे घराणे वाण्याचे. देवळाजवळ त्यांचे भस्म, रुद्राक्ष, कुंकू यांचे दुकान. तो कपाळावर भस्माचे तीन पट्टे ओढूनच वर्गात यायचा आणि संगणकासमोर बसायचा. मीही त्याच समाजातला, पण आमच्या घरी दुकान नव्हते, आणि काशिनाथसारखे डोके तर मुळीच नव्हते. तो प्रोग्राम लिहायचा. मी वायरी जोडायचो, प्रिंटर दुरुस्त करायचो, मुलांना शिकवायचो, आणि त्याने दाखवल्यावर थोडेफार लिहायचो.

आता थोडे तांत्रिक सांगावे लागेल, कारण पुढचे सगळे त्यावर उभे आहे.

शाळा सोडल्याच्या दाखल्यावर जन्मतारीख अंकांत लिहितात आणि खाली अक्षरांतही लिहितात. मराठीत शंभरापर्यंतच्या प्रत्येक अंकाचे नाव वेगळे. लिपिक एकोणऐंशीच्या जागी एकोणनव्वद लिहून बसला, की त्या मुलाचे वय जन्मभर दहा वर्षांनी चुकलेले. काशिनाथने आठ महिने खपून एक छोटी फाइल तयार केली. तिला तारीख किंवा आकडा द्यायचा, ती मराठी अक्षरांत परत देणार. संगणकाच्या भाषेत तिला डी.एल.एल. म्हणतात. ही फाइल स्वतः काही करत नाही, पडद्यावर दिसतही नाही. संगणकाच्या सिस्टिम फोल्डरमध्ये ती गुपचूप पडून असते आणि दुसरे प्रोग्राम गरज पडली की तिच्याकडून काम करून घेतात. आमचे असे दोन जोड-प्रोग्राम होते. काशिनाथचा ‘दाखला’ वर्ड प्रोसेसरमध्ये चालायचा. माझा ‘गुणपत्रक’ हिशेबाच्या तक्त्यांत बसायचा आणि एकूण गुण अक्षरांत लिहायचा. दोघांची फाइल एकच, सामाईक.

“विहीर एक, मोटरी दोन,” काशिनाथ सांगायचा. “एक तुझ्या वावरात, एक माझ्या.”

विहीर त्याने एकट्याने खोदली होती, हे तो कधी म्हणाला नाही.

माजलगावच्या एका शिक्षण संस्थेला — नाव लिहीत नाही — आपल्या सगळ्या शाळांत संगणक घ्यायचे होते. त्यासाठी संगणक लिपिकाची एक कायम जागा निघाली होती. जागा एकच. आम्ही दोघांनी मिळून काम दाखवायचे आणि जागा काशिनाथने घ्यायची, असे ठरले. त्याचे नुकतेच लग्न झाले होते आणि दुकानावर तीन भावांची घरे चालत होती. “तू घे, मी वर्ग बघतो,” असे मीच म्हणालो होतो. मनापासून म्हणालो होतो. निदान तेव्हा तसे वाटत होते.

प्रात्यक्षिकाच्या पंधरा दिवस आधी मी कागदपत्रे द्यायला माजलगावला गेलो. तिथे संस्थेच्या अधीक्षकांनी मला बसवून घेतले आणि सहज म्हणून सांगितले, “तुमचे मित्र येऊन गेले की. म्हणत होते, सगळं काम माझंच आहे, मन्मथ फक्त वायरी जोडतो.”

ते वाक्य घेऊन मी परतीच्या एसटीत बसलो. सिंदफणेच्या पुलावरून गाडी गेली ते मला कळले नाही. जो माणूस रोज माझ्या डब्यातली भाकरी मोडून खातो, तो माझ्या मागे मला वायरमन म्हणतो... मी काशिनाथला एका शब्दाने विचारले नाही. विचारले असते तर तो नाही म्हणाला असता आणि मला त्यावर विश्वास ठेवावा लागला असता. आज मागे पाहताना वाटते, मला विश्वास ठेवायचाच नव्हता.

त्या पंधरा दिवसांत मी माझ्या गुणपत्रकाची नवी आवृत्ती केली. सामाईक फाइलचा मूळ कोड काशिनाथने मला कधीच देऊन ठेवला होता. तो मी जसाच्या तसा माझ्या प्रोग्रामच्या पोटात घातला. माझ्या मोटरीला आता विहिरीची गरज उरली नव्हती.

प्रात्यक्षिक दुपारी दोनला होते. आम्ही अकरालाच पोचलो. संस्थेच्या संगणकावर दोघांचेही प्रोग्राम महिन्यापूर्वी बसवलेले होते. मी माझा रीतसर सेटअप चालवून बसवला होता. काशिनाथला सेटअपचा कंटाळा. त्याने आपला ‘दाखला’ फ्लॉपीवरून नुसता कॉपी केला होता. याला महत्त्व आहे. सामाईक फाइलवर किती प्रोग्राम अवलंबून आहेत याची मोजणी संगणक ठेवतो, पण रीतसर बसवलेल्या प्रोग्रामचीच. म्हणजे त्या संगणकाच्या हिशेबी ती फाइल वापरणारा मी एकटाच होतो. काशिनाथ त्याच्या मोजणीतच नव्हता.

काशिनाथ खाली मुख्याध्यापकांशी बोलत उभा होता. मी खोलीत एकटा. नवी आवृत्ती घालण्यासाठी मी माझी जुनी काढायला घेतली, आणि पडद्यावर तो नेहमीचा चौकोन आला. ही सामाईक फाइल आता कोणताच प्रोग्राम वापरत नाही असे दिसते, काढून टाकायची का? हो. नाही.

मी ‘हो’ दाबले.

घाईत दाबले असे मी पुढे कित्येक दिवस स्वतःला सांगत आलो. ते खरे नाही. मी तो चौकोन दोनदा वाचला होता.

दोन वाजता खोली भरली. मुख्याध्यापक, अधीक्षक आणि मधोमध संस्थेचे सचिव, ज्यांना सगळे अण्णा म्हणत. तालुक्याच्या राजकारणातले मोठे नाव, बोलणे मात्र पारावरचे. माझे गुणपत्रक आधी झाले आणि नीट झाले. मग काशिनाथ बसला. त्याने एका मुलाचे नाव भरले, तारीख भरली, बटण दाबले. पडद्यावर इंग्रजी चौकोन आला.

“काय म्हणतंय ते?” अण्णांनी विचारले.

“फाइल सापडत नाही म्हणतंय,” अधीक्षक म्हणाले.

“मग आपल्या हापिसापरीस काय येगळं हाय? आपल्याकडं बी तेच म्हणतेत.”

सगळे हसले. काशिनाथही हसला. “दोन मिनिटं, अण्णा,” म्हणत तो माझ्याकडे वळला. “मन्मथ, ती निळी फ्लॉपी तुझ्याकडं दिलती की. दे, लगेच घालतो.”

सामाईक फाइलची प्रत असलेली ती निळी फ्लॉपी माझ्या पिशवीत होती. पिशवी माझ्यासमोर टेबलावर होती.

“घरी राहिली,” मी म्हणालो.

तो क्षणभर माझ्याकडे पाहत राहिला. मग त्याने तो चौकोन बंद केला, खुर्ची मागे सारली आणि उठला. अण्णा म्हणाले, “असू द्या. दाखले आमचे लिपिक हातानं लिवतेत, तसेच लिवतील. ते मार्कांचं बेस हाय. ह्यांनाच घ्या.” माझ्या गळ्यात हार पडला. चहा आला. चारपर्यंत आम्ही तिथेच बसलो होतो. एसटीत काशिनाथने खिडकीची जागा मला दिली.

दुसऱ्या दिवसापासून तो वर्गात आला नाही. ‘दुकान बघावं लागतंय,’ असा निरोप आला. महिनाभरात मी माजलगावला रुजू झालो आणि वर्ग बंद झाला.

यापुढचा भाग तो, ज्यासाठी मी हे लिहायला घेतले.

या गोष्टीला दोन वर्षे झाली होती. संस्थेची एक शाळा लिंबागणेशच्या अलीकडच्या एका गावात होती. तिथला संगणक मीच खोका फोडून बसवला होता आणि त्यावर माझे गुणपत्रक घातले होते. वर्षभराने तपासणीला गेलो. शाळेचे लिपिक रज्जाकभाई, पन्नाशीचे, कानावर पेन ठेवणारे. मला पाहताच उठले.

“या साहेब. लई उपकार झाले बगा तुमचे. दाखल्याचा माझा सारा ताप गेला.”

“कसला दाखला?”

“हेच की, टीसी. आता घडीभरात निघतीया.” त्यांनी कपाटातून ताजे तीन दाखले काढून माझ्यापुढे ठेवले. छापलेले. जन्मतारीख अक्षरांत, बिनचूक.

काशिनाथचा ‘दाखला’ संस्थेने कधी घेतलाच नव्हता. तो कोणत्याही शाळेत नव्हता. मी संगणक उघडला. वर्ड प्रोसेसरच्या पट्टीवर शेवटी ‘दाखला’ हा शब्द होता. मी एक तारीख दिली. क्षणात ती अक्षरांत उतरली.

पहिला विचार साधा होता, कुणीतरी फ्लॉपीवरून आणून घातला असेल. जोड-प्रोग्रामची फाइल डिस्कवर होतीही. पण ती एकटीच होती. तिला लागणारी सामाईक फाइल सिस्टिम फोल्डरमध्ये नव्हती. मी संपूर्ण डिस्कवर शोध लावला, लपवलेल्या फाइलींसकट. एकही सापडली नाही. संगणक बंद करून पुन्हा सुरू केला, म्हणजे मेमरीत काही उरले असेल तर जावे. पुन्हा तारीख दिली. पुन्हा अक्षरे आली.

वाचकांपैकी कुणी या क्षेत्रातले असतील तर त्यांना मी काय म्हणतो ते कळेल. इतरांसाठी एवढेच सांगतो, की विहीर नाही आणि मोटर पाणी ओढते आहे.

त्या प्रोग्राममध्ये ‘माहिती’ नावाची एक खिडकी होती, लेखकाचे नाव दाखवणारी. मी ती इतक्या वर्षांत कधी उघडली नव्हती. तिथे उघडली. दोन नावे होती. पहिले माझे, खाली त्याचे.

“हे कुणी बसवलं, रज्जाकभाई?”

“आता साहेब, थट्टा करता व्हय गरिबाची? तुमीच तर माणूस धाडलता. मधली सुट्टी चालू होती. पांढरा सदरा, कपाळाला भस्म. म्हणले, मन्मथनं पाठवलंय. अर्धा घंटा बसले. चाय घ्या म्हणलं तर न्हाई म्हणले, सोमवार हाय. माठातलं पाणी तेवढं प्याले.” मग त्यांनी शेरेबुक काढले. शाळेत येणारा पाहुणा ज्यात दोन ओळी लिहून सही करतो ती वही. “ह्ये बगा. मी लिहून घेतल्याबिगर कुणाला सोडत न्हाई.”

‘मन्मथ यांनी पाठविल्यावरून आलो. दाखल्याचे काम बसविले. व्यवस्थित चालते.’ खाली सही आणि तारीख. तारीख अडीच महिन्यांपूर्वीची. अक्षर मला ओळखायची गरज नव्हती. आठ महिने मी त्या अक्षरातल्या वह्या पाहिल्या होत्या.

मला राग आला, हे कबूल करतो. वाटले, हा माझी परीक्षा बघतो आहे. माझ्या नावाने शाळाशाळांतून हिंडतो आहे. मी त्या पानाची झेरॉक्स काढून घेतली. प्रोग्रामची फाइल फ्लॉपीवर घेतली आणि माजलगावच्या संगणकावर चालवून पाहिली. फाइल सापडत नाही, असा तोच चौकोन आला. चार दिवसांनी शाळेत जाऊन त्या संगणकाची डिस्कच काढून आणली आणि ऑफिसात जोडली. तोच चौकोन. डिस्क परत नेऊन शाळेत बसवली. दाखला निघाला. रज्जाकभाई बाजूला उभे राहून सगळे बघत होते. शेवटी म्हणाले, “साहेब, चालतंय ते कावून चालतंय, म्हणून खोलता का तुमी? मी तर पहिल्यांदाच बघतोय.”

त्याच रविवारी मी परळीला गेलो. दोन वर्षांत पहिल्यांदा.

दार सुमनवहिनींनी उघडले. काशिनाथची बायको. “भाऊजी, लई लवकर वाट सापडली,” एवढेच म्हणून त्या बाजूला झाल्या.

काशिनाथ पुढच्या खोलीत पलंगावर उताणा पडला होता. एका पायाला कमरेपर्यंत पट्ट्या, पायाच्या टोकाला दोरी, आणि दोरीला पलंगाखाली बांधलेल्या विटा. रस्त्यावरच्या ओल्या राखेवरून मोपेड घसरली आणि मांडीचे हाड मोडले होते. तीन महिने तो पलंगावरून हलला नव्हता.

“ये बे, बस,” तो म्हणाला. “संस्थेत खायला घालत न्हाईत का? पार वाळलास.”

मी झेरॉक्स त्याच्या हातात दिली. त्याने ती डोळ्यांसमोर धरून दोनदा वाचली.

“अक्षर माझंच हाय,” तो म्हणाला.

“सही?”

“सही बी.”

“मग गेलता कवा तू?”

“कसा जाईन? उडत?” त्याने दोरी बोटाने हलवली. खाली विटा एकमेकींवर आपटल्या.

सुमनवहिनींनी कागद मागून घेतला, तारीख पाहिली, भिंतीवरच्या कॅलेंडरची पाने उलटी चाळली. “हा सोमवार? ह्या सोमवारी डॉक्टर आलते दोरीचं वजन वाढवायला. दोघांनी धरलं होतं ह्यांना. दिसभर मी हितंच होते, भाऊजी.”

कागद परत माझ्या हातात आला. काशिनाथच्या चेहऱ्यावर थट्टा नव्हती, आणि भीतीही नव्हती. तो फक्त माझ्याकडे पाहत होता. मग माझ्या तोंडून ते निघाले, जे घेऊन मी आलोच नव्हतो.

“काशिनाथ, माजलगावात ती फाइल मी पुसली होती.”

“ठाऊक हाय.”

“कवापासून?”

“तवापासूनच. फ्लॉपी घरी राहिली म्हणालास तवा पिशवी टेबलावरच होती की. तोंड उघडं. निळी फ्लॉपी वरच दिसत होती, माझ्याच अक्षरातली चिठ्ठी लावलेली.”

“मग बोलला कावून न्हाईस? अण्णांच्या समोर एक शब्द जरी बोलला असतास—”

“वाटलं, काढशील.” तो छताकडे पाहत म्हणाला. “चार वाजेपर्यंत बसलतो आपण. चहा झाला, हार झाले. मला आपलं वाटत राहिलं, आता काढशील, मग काढशील. एसटीत बी वाटलं. कवातरी म्हणशील की, घे बे, चुकलं.”

मी अधीक्षकांचे ते वाक्य त्याला सांगितले. सांगताना माझे मलाच ते फार लहान वाटले.

“मी काय म्हणलतो सांगू? वायरी, प्रिंटर, मशीन, सारं मन्मथ बघतो, त्याच्याबिगर माझं पान हालत न्हाई. त्यांनी त्याचं काय केलं ते त्यांचं ते जाणोत. पर तू एकदा इचारायचंस तर बे. एवढाच हक न्हवता का माझा?”

मी म्हणालो, मी उद्याच अण्णांना सगळे सांगतो, राजीनामा देतो, जागा तुझी आहे. तो म्हणाला, पाय बरा झाला की त्याला दुकान आहे. मी म्हणालो, निदान ती फाइल पुन्हा बनव, मी ती तुझ्या नावाने प्रत्येक शाळेत बसवीन.

“मूळ कोड तुझ्याकडंच हाय,” तो म्हणाला. “माझ्याकडं काय ऱ्हायलंय?”

सुमनवहिनींनी चहा आणून ठेवला. मी तो प्यालो, कारण नाही म्हणायचे धैर्य नव्हते. उठलो तेव्हा काशिनाथने पलंगावरूनच हात जोडले.

“या मग, साहेब,” तो म्हणाला. लहानपणापासूनच्या ओळखीत पहिल्यांदा.

मी अण्णांना लेखी कबुली दिली. त्यांनी ती उभ्यानेच वाचली. “दोन वर्षांनी कशाला उकरून काढता? तुमचं काम चांगलं चाललंय,” म्हणत कागद काचेच्या पेपरवेटखाली सरकवला. राजीनामा मी लिहून नेला होता. तो खिशातच राहिला. अण्णा नको म्हणाले म्हणून राहिला, असे सांगता येईल. पण ते खरे नाही. मी आजही त्याच संस्थेत आहे. गुणपत्रकाच्या पुढच्या आवृत्तीत मी काशिनाथचे नाव पहिले घातले. ती खिडकी कुणी उघडत नाही.

लिंबागणेशकडच्या त्या शाळेत दाखले पुढे चार वर्षे निघत राहिले. त्यातली एकही तारीख चुकली नाही, असे रज्जाकभाई निवृत्त होताना सांगून गेले. नंतर नवे संगणक आले आणि जुना भंगारात निघाला. मी त्याची डिस्क मागून घेतली. घरी जोडून पाहिली. चौकोन. नव्या काळातल्या दोघातिघा हुशार मुलांना दाखवली. त्यांनी खूप कारणे सांगितली. दुसऱ्या नावाने असलेली फाइल, प्रोग्रामच्या आतच लपलेला कोड, माझ्या तपासणीतली चूक. प्रत्येक कारण मी महिना-महिना लावून पाहिले. एकही टिकले नाही. आणि टिकले असते तरी शेरेबुकातल्या त्या दोन ओळींचे काय करायचे, हे उरतेच.

काशिनाथचा पाय जरा आखूड राहिला. तो दुकानात बसतो. मी दर श्रावणात एका सोमवारी परळीला जातो, दर्शन घेतो आणि त्याच्या दुकानासमोर गिऱ्हाइकांत उभा राहतो. तो मला भस्माची पुडी बांधून देतो. ‘घरचे बरे हायत ना’ विचारतो. मला ‘तुम्ही’ म्हणतो. गेल्या श्रावणात गर्दी ओसरल्यावर मी धीर करून विचारले.

“काशिनाथ, इतक्या वर्षांनी तरी सांग. त्या शाळेत कोण गेलं होतं?”

तो पुडीला दोरा गुंडाळत होता. दोरा दाताने तोडून त्याने पुडी माझ्यापुढे सरकवली.

“मला काय ठाऊक, साहेब? पाठवलं तुमी होतं.”

मी कुणालाही पाठवले नव्हते. काशिनाथला पाठवायला हवे होते, हे मला तो संगणक बसवला त्या दिवशीही कळत होते आणि आजही कळते. पण मी पाठवले नव्हते. मग माझे नाव घेऊन त्या खुर्चीवर अर्धा तास कोण बसले होते, हे मला आजतागायत माहीत नाही.